ऊन न लागलेली वाळू

तेरणगावात 'फडतरे लॉन्स'मध्ये जेवला नाही असा माणूस सापडणं अवघड, आणि ते मंगल कार्यालय कधी बांधलं हे शपथेवर सांगणारा माणूस सापडणं त्याहून अवघड. माहीत सगळ्यांना होतं. पाच वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुट्टीला शाळा बंद झाली तेव्हा महापालिकेच्या सतरा नंबर शाळेला मैदान होतं. सुट्टी संपून मुलं परत आली तेव्हा तिथे भिंती होत्या. पण माहीत असणं आणि साक्ष देणं ही दोन वेगळी खाती. पहिल्या खात्यात सगळं गाव जमा होतं, दुसऱ्यात एकटे भानुदास घोडके.

भानुदास घोडके, म्हणजे वस्तीचे अण्णा, महापालिकेच्या पंपहाऊसवर ऑपरेटर होते. जन्मभर त्यांनी गावाला पाणी सोडलं आणि गावाने त्यांना पाणी उशिरा सुटलं तेव्हाच ओळखलं. ते राहायचे पंपहाऊसच्या मागे, शाळेच्या मैदानाला लागून. तिथे सगळी पंपावरच्या लोकांचीच घरं. जागा महापालिकेची. 'इथेच राहा, पंप बंद पडला तर धावायला बरं,' असं म्हणून महापालिकेनेच त्यांना बसवलं होतं. तसं लिहून द्यायचं तेवढं राहून गेलं.

मैदान गेल्यावर वस्तीने दावा लावला. महापालिकेने लावायला हवा होता, पण महापालिकेतल्या बऱ्याच जणांच्या मुलामुलींची लग्नं फडतरे लॉन्समध्ये झालेली. त्यांना आपल्याच अल्बमविरुद्ध उभं राहणं जड गेलं.

हा काळ २०३८चा. पूर्वी अशा दाव्यात फोटो चालायचे, उपग्रहाची चित्रं चालायची. पुढे कुठलंही चित्र कुणीही घरबसल्या बनवू लागलं तशी ती सद्दी संपली. फडतरे लॉन्सच्या मालकांनी, जालिंदरशेठ फडतरे यांनी, २०१८ सालच्या एका लग्नाचा फोटो कोर्टात दाखल केला होता. मागे ह्याच भिंती, पुढे पंगतीत शाळेचे जुने मुख्याध्यापक जिलबी खाताना. मुख्याध्यापक आता हयात नव्हते आणि हयात असताना मधुमेहामुळे चहासुद्धा बिनसाखरेचा घ्यायचे. पण फोटो निर्दोष होता. वस्तीच्या फोटोत ते मैदान मोकळं दिसायचं, तोही निर्दोष होता. शेवटी वरच्या कोर्टाने सांगून टाकलं की यापुढे कुठलंच चित्र एकट्याने पुरावा धरायचं नाही. साक्षीदार फिरतात, कागद मागच्या तारखेचे होतात, चित्रं खोटी निघतात. राहता राहिली भिंत.

भिंतीला बोलतं करणारं यंत्र महापालिकेकडे आलं होतं आणि ते चालवायची अण्णांची मुलगी, प्रणिता.

त्यामागचं शास्त्र अवघड नाही. वाळूचा कण म्हणजे बहुधा गारगोटीचा चुरा. माती, वीट, हवा, सगळीकडे अगदी किंचित नैसर्गिक किरणोत्सार असतो. त्याने कणातले काही इलेक्ट्रॉन जागचे हलतात आणि स्फटिकातल्या बारीक खाचांमध्ये अडकून बसतात. कण जितका जास्त काळ अंधारात, तितके जास्त अडकलेले. त्याला ऊन लागलं की सगळे सुटतात आणि हिशोब पुन्हा शून्यावर. मग तो कण गिलाव्यात गाडला गेला की पुन्हा एकेक जमा व्हायला लागतो. भिंतीच्या आतला कण अंधारातच बाहेर काढायचा, त्याच्यावर ठरावीक रंगाचा प्रकाश टाकायचा. अडकलेले इलेक्ट्रॉन सुटताना अतिशय मंद उजेड देतात. तो उजेड मोजला की कळतं, ह्या कणाने सूर्य शेवटचा कधी पाहिला. प्रयोगशाळेत हे जुनंच होतं, पण त्यात वर्षांची चूक यायची. नव्या यंत्रात ती महिन्यांवर आली आणि यंत्र जेवणाच्या डब्याएवढं झालं.

सरकारने त्यावर कायदा बसवला. १ जानेवारी २०२५ च्या आधीचं बांधकाम संरक्षित, नंतरचं पाडायचं. न्यायाधीशांना आलेख वाचायला वेळ नसतो, म्हणून यंत्राने आकडा सांगायचाच नाही असं ठरलं. पडद्यावर एकच शब्द उमटायचा, तारखेआधीचं असेल तर 'पूर्व', नंतरचं असेल तर 'उत्तर'.

वादीचीच मुलगी मोजणार म्हटल्यावर प्रतिवादीने हरकत घ्यायला हवी होती. जालिंदरशेठचे वकील शिंगणे यांनी उलट लेखी संमती दिली. "घोडकेबाईंच्या प्रामाणिकपणाबद्दल आमच्या अशिलाला पूर्ण विश्वास आहे," असं त्यांनी लिहिलं. शिंगणे वकील विश्वास टाकायचे ते मुदत ठेवीसारखा, पुढे कधीतरी सव्याज काढायला.

मोजणीच्या दिवशी जालिंदरशेठ स्वतः दारात उभे होते.

"या अण्णा. फिर्यादी असलात तरी दारात आलात म्हणजे पाहुणे."

"पाहुणा मी नाही शेठ," अण्णा म्हणाले. "मैदान आमच्या नातवंडांचं. पाहुण्यासारखे तुम्ही आलात, उठायचं विसरलात."

जालिंदरशेठ मनापासून हसले. "प्रणिताच्या लग्नाला हॉल दिला असता मी, पैसा घेतला नसता. तुम्हीच रजिस्टर लग्न उरकलंत."

"तेव्हा तुमचा हॉल नव्हता."

"आता तेच तर ठरायचंय, नाही का वकीलसाहेब?"

प्रणिता काळ्या कापडाखाली भिंतीला भोक पाडत होती. तिने दोघांकडेही पाहिलं नाही. वस्तीतली माणसं कुंपणापलीकडे उभी होती. त्यांना खात्री होती. अण्णांनी घरोघर जाऊन सांगितलं होतं, "वकील फिरेल, साहेब फिरेल. मशीन फिरत नाही, आणि आपली पोरगी तर नाहीच नाही." म्हणून तर त्यांनी दाव्यावर सह्या केल्या होत्या.

व्हॅनमध्ये लाल दिव्याखाली तिने नमुना यंत्रात ठेवला. पडद्यावर शब्द आला, 'पूर्व'.

तिने दुसरा नमुना घेतला. पूर्व. छताजवळचा घेतला, पायाजवळचा घेतला. पूर्व, पूर्व. मग तिने दुरुस्तीवाल्यांसाठी असलेला पडदा उघडून यंत्राच्या पोटातला आकडा पाहिला. यंत्राच्या मते फडतरे लॉन्स सहा हजार वर्षांपूर्वी बांधलं गेलं होतं.

मग तिच्या डोक्यात उजेड पडला. नदीतून वाळू काढायला बंदी, म्हणून तळातली वाळू रात्री उपसली गेली. तहसीलदाराला दिसू नये म्हणून ताडपत्रीखाली, रात्रीच्याच ट्रकने आली. महापालिकेला दिसू नये म्हणून रात्री कालवली आणि दिव्यांच्या उजेडात रात्रीच भिंतीला लागली. त्या दिव्यांनी खाचा रिकाम्या होत नाहीत, त्याला ऊनच लागतं. प्रत्येक टप्प्यावर कुणा ना कुणा अधिकाऱ्याची नजर चुकवता चुकवता ती वाळू सूर्याचीही नजर चुकवून आली होती. तिचा हिशोब कधी शून्यावर आलाच नव्हता. यंत्र भिंतीचं वय सांगत नव्हतं, नदीच्या तळाचं सांगत होतं.

तिला आनंद झाला. चोरी कशी झाली तेच यंत्राने सांगितलं होतं, फक्त वाचणारं कुणी हवं होतं. तिने आपलं म्हणणं प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलं आणि महापालिकेचे विधी अधिकारी सोनटक्के यांनी ते दोनदा वाचलं.

"बरोबर आहे तुझं," सोनटक्के म्हणाले. "दाखल करू. पण एक सांगू? आपण एकदा बोलायला लागलो की कुठे थांबायचं ते दुसरे ठरवतात."

दुसऱ्यांनी ते आठवड्यातच ठरवलं. शिंगणे वकिलांनी उलट दावा आणला. महापालिकेच्या जागेवर तर वादीच बसलेत, त्यांच्याही भिंती मोजा. अण्णांनी कोर्टात उभं राहून सांगितलं, मोजा. त्यांचा जन्म तिथे गेला होता.

जन्म गेला होता हे खरं. पण आधीची घरं कुडाची आणि पत्र्याची. २०२६ च्या उन्हाळ्यात महापालिकेची मोठी पाइपलाइन फुटली आणि कुडं वाहून गेली. तेव्हा वस्तीने पक्क्या भिंती घातल्या, एकमेकांच्या हाताने, रविवारी, दिवसाउजेडी. परवान्याच्या रीतसर वाळूच्या गाड्या आल्या. ओली वाळू चाळणीत चिकटून बसते, म्हणून बायकांनी ती शाळेच्या मैदानावर पसरून कडक उन्हात वाळवली, उलथून पुन्हा वाळवली, मग चाळली. त्या वाळूइतका स्वच्छ शून्य प्रणिताने प्रयोगशाळेतही पाहिला नव्हता. कायद्याने संरक्षण दिलं होतं ते बांधकामाला, राहणाऱ्या माणसाला नाही. प्रत्येक घराची दर्शनी भिंत मोजली गेली आणि प्रत्येक भिंत म्हणाली, 'उत्तर'.

आता वस्तीची सगळी भिस्त प्रणिताच्या साक्षीवर आली. यंत्र चुकतं हे तिने सिद्ध केलं की शेठचं 'पूर्व' जाईल आणि वस्तीचं 'उत्तर'ही जाईल, असा सगळ्यांचा हिशोब होता. हिशोबात एक चूक होती आणि ती एकट्या प्रणिताला दिसत होती. साक्षीच्या आदल्या दिवशी ती अण्णांकडे आली. शेजारच्या पारूकाकू तिथेच पोळ्या लाटत होत्या. प्रणिताची आई गेल्यापासून ह्या घरच्या पोळ्या त्यांच्याकडेच होत्या.

"अण्णा, दावा मागे घ्या," प्रणिता म्हणाली.

"का?"

"यंत्र एकाच बाजूला चुकतं. ऊन लागलं नसेल तर भिंत आहे त्याहून जुनी दिसते. पण आहे त्याहून नवी कधीच दिसत नाही. शेठच्या भिंतीबद्दल शंका घेता येते. आपल्या नाही येत."

पारूकाकूंनी लाटणं थांबवलं.

"मग यंत्र चुकतं, एवढंच सांग ना गं," त्या म्हणाल्या. "कुठल्या बाजूला चुकतं ते कशाला?"

"विचारलं तर?"

"विचारलं तर म्हणायचं, दोन्हीकडे चुकतं. तुझ्यावाचून कुणाला कळतंय त्यातलं?"

"कुणालाच नाही," प्रणिता म्हणाली.

"झालं तर."

अण्णा म्हणाले, "दावा मागे घेतला तरी उलटा दावा मागे जातो का?"

"नाही."

"मग आता मागे येऊन काय. आणि पारू, तिला काही शिकवू नकोस. तिच्या भरवशावर मी पंचवीस घरांच्या सह्या घेतल्यात. काय भरवसा होता तो? खरं सांगेल हाच ना?"

पारूकाकूंनी पुन्हा लाटायला घेतलं. "भरवसा घर राहील हा होता, अण्णा," त्या खाली मान घालून म्हणाल्या. "खऱ्याचं काय करायचंय आम्हाला."

कोर्टात वस्तीच्या वकील तरन्नुम शेख यांनी सुरुवात चांगली केली. वाळूने ऊन पाहिलं नाही, म्हणजे काम चोरून झालं. जो हक्काने बांधतो तो दिवसा बांधतो. न्यायाधीशबाईंनी ते लिहून घेतलं. मग शिंगणे वकील उठले, चष्मा पुसत.

"घोडकेबाई, रात्री बांधकाम करणं गुन्हा आहे का?"

"नाही. पण दिवाळीच्या सुट्टीत..."

"दिवाळी तुम्हाला सिद्ध करायची आहे. माझे अशील म्हणतात, २०१८ चा उन्हाळा होता. आता सरकारच उन्हाळ्यात दिवसा मजूर लावू देत नाही. माझ्या अशिलाने ती माणुसकी आधीच दाखवली, एवढंच. २०१८ च्या उन्हाळ्यात रात्री बांधलेली भिंत आणि तुम्ही म्हणता त्या दिवाळीत रात्री बांधलेली भिंत, तुमचं यंत्र वेगळी सांगू शकतं?"

"नाही."

"म्हणजे ह्या भिंतीबद्दल यंत्र काहीच सांगू शकत नाही."

"ह्या भिंतीबद्दल नाही सांगू शकत."

"धन्यवाद. आता उलट सांगा. जुनी भिंत असेल आणि यंत्राने ती नवी दाखवली, असं होतं का? म्हणजे 'उत्तर' हा शब्द चुकीचा येऊ शकतो का?"

मुदत ठेव पिकली होती. प्रणिताने समोर पाहिलं. मागच्या बाकावर अण्णा, त्यांच्या शेजारी पारूकाकू, पदर तोंडाशी धरून. 'येऊ शकतो' हे दोन शब्द होते. ते तपासू शकेल असं त्या खोलीत कुणीही नव्हतं. पण ते म्हटले असते तर राज्यातल्या प्रत्येक मोजणीला कुणीतरी तिची साक्ष दाखवली असती, आणि सगळ्यात आधी ती जालिंदरशेठसारख्यांनीच दाखवली असती. हेही तिला दिसत होतं. दिसणं हा तिच्या घराण्याचा दोष होता.

"नमुना नीट अंधारात घेतला असेल तर नाही," ती म्हणाली.

"वस्तीतले नमुने कुणी घेतले?"

"मी."

"नीट अंधारात?"

"हो."

शिंगणे वकील बसले. बसताना त्यांनी अण्णांना नमस्कार केला, आणि त्यात कुचेष्टा नव्हती. एवढी उपयोगी साक्ष त्यांना स्वतःच्या साक्षीदाराकडून कधी मिळाली नव्हती.

निकालाला फार वेळ लागला नाही. फडतरे लॉन्सबाबत यंत्राचं उत्तर विश्वसनीय नाही, सिद्ध करण्याची जबाबदारी वादींवर होती, ती पार पडली नाही. प्रतिवादीने दिलेला घरपट्टीचा उतारा २०१८ चा आहे, तो ग्राह्य. वस्तीबाबत यंत्राचं उत्तर विश्वसनीय आहे, किंबहुना वादींच्याच तज्ज्ञ साक्षीदाराने ते निःसंशय ठरवलं आहे. निकालपत्रात शेवटी प्रणिताच्या सचोटीबद्दल दोन ओळी होत्या. वस्तीत कुणी तिथपर्यंत वाचलं नाही.

गावाने मात्र आपला धडा नेमका उचलला. पावसाळ्याच्या आत वाळूवाल्यांच्या पाट्या बदलल्या: 'ताडपत्री माल, ऊन न लागलेला, खात्रीशीर.' तो साध्या वाळूहून महाग होता आणि आठवडाभर आधी सांगावं लागायचं. नाल्यावर, बागेच्या जागेवर, दवाखान्याच्या राखीव प्लॉटवर रात्री कामं चालू झाली आणि सकाळी ती प्राचीन असायची. जालिंदरशेठनी दुसरा मजला चढवला. लोकांनी तिथेही जेवून पाहिलं, हवा चांगली येते म्हणाले.

पाडकामाला प्रणिता गेली. सोनटक्क्यांनी रजा देऊ केली होती. "घे रजा. तुझ्या बापाचं घर आहे, कुणी नावं ठेवणार नाही."

"दुसरा माणूस घाईत मोजेल," ती म्हणाली.

पाडण्याआधी घरातली प्रत्येक भिंत मोजायची असा नियम होता. प्रणिता घरोघर गेली. माणसं सामान काढून बाहेर बसली होती. तिला दार उघडून देत होती, वाट देत होती, बोलत कुणी नव्हतं. पारूकाकूंनी भिंतीवरचं कॅलेंडर तिच्या हातात न देता खाली ठेवलं.

अण्णांच्या घरी तिने बाहेरची भिंत केली, मधली केली. मग स्वयंपाकघराची मागची. ती तिच्या जन्माच्या वर्षी अण्णांनी विटांची घातली होती. कुडं वाहून गेली तेव्हा ती एकटी उभी राहिली होती. पडद्यावर 'पूर्व' आलं. तिने पोटातला आकडाही पाहिला. तो बरोबर तिच्याच वयाचा होता.

"अण्णा, ही राहील," ती म्हणाली. कित्येक महिन्यांत ती पहिल्यांदा हसली. "हिला कुणी हात लावू शकत नाही." तिने तिथेच दाखला भरला आणि सही केली.

बुलडोझरवाल्याने ती भिंत फार जपून वगळली. संध्याकाळी वस्तीच्या जागी सपाट जमीन होती आणि तिच्यात एक भिंत, तिच्यावर मिसळणाच्या डब्याचा कोनाडा, वर फोडणीचा काळा डाग.

बाकीच्यांना गावाबाहेर पुनर्वसनाच्या इमारतीत एकेक खोली मिळाली. अण्णांचा अर्ज परत आला. खिडकीवरचा माणूस सभ्य होता, त्याने समजावून सांगितलं.

"ज्यांचं बांधकाम पूर्ण पाडलं तेच पात्र, काका. तुमचं उभं आहे."

"भिंत उभी आहे."

"बांधकामच ना ते. आणि संरक्षित आहे, दाखला आहे वर."

"मग मीच पाडतो."

"पाडू नका हो. संरक्षित बांधकाम पाडलं तर केस होते."

अण्णा प्रणिताच्या दोन खोल्यांच्या क्वार्टरमध्ये राहायला आले. जावई चांगला होता, स्वतःची खाट त्याने त्यांना दिली. अण्णा घरात पाहुण्यासारखे वागायचे. पंखा लावायचा का हेसुद्धा विचारायचे. पारूकाकूंची खोली गावाच्या दुसऱ्या टोकाला होती. तिकडे ते एकदा जाऊन आले, आत बोलावलं का ते सांगितलं नाही.

एके दिवशी सकाळी चहा देताना प्रणिता म्हणाली, "मी फेरमोजणीचा अर्ज करते."

"कशाची?"

"भिंतीची." ती हळू आवाजात बोलत होती, जावई आत दाढी करत होता. "नमुना यंत्रात घालण्याआधी थोडा वेळ उन्हात धरला की झालं. 'उत्तर' येईल. भिंत पाडतील, खोली मिळेल तुम्हाला. कुणालाही कळणार नाही."

अण्णांनी चहा संपवला, कप स्वतःच उचलून मोरीत नेऊन विसळला. परत येऊन बसले.

"नको," ते म्हणाले.

"का नको? मी चुकले होते तेव्हा. पारूकाकू सांगत होत्या ते करायला हवं होतं."

"करायचं तर तेव्हाच करायचं होतंस, सगळ्यांसाठी. पंचवीस घरं खऱ्यापायी गेली. आता माझं एकट्याचं खोट्याने उभं राहिलं, तर पारू एकच विचारेल, हे येत होतं ना तुला?"

अण्णांनी तिच्याकडे पाहिलं नाही. "जा," ते म्हणाले. "उशीर होतोय तुला."

त्या दिवशी तिची मोजणी रेल्वे फाटकाजवळच्या एका वस्तीत होती. ती यंत्राची पेटी घेऊन उतरली तेव्हा तिथल्या लोकांनी दारापुढे पाणी मारून ठेवलं होतं, बायका आंघोळी उरकून तयार होत्या. नव्या गिलाव्याच्या, उन्हात चमकणाऱ्या भिंती होत्या. त्यांच्यापुढे उभा राहून एक म्हातारा सगळ्यांना समजावत होता की घाबरायचं काही कारण नाही, ह्या बाई कुणाचं ऐकत नाहीत, खरं असेल तेच सांगतात.